मेलेल्या यीस्टचा भाव : ब्रिटनमधील एका जोडउत्पादनाचा इतिहास

बिअर आंबत असताना यीस्ट कित्येक पटींनी वाढते. शंभर लिटर बिअरमागे साधारण दीड ते तीन लिटर दाट, करडा-पिवळा लगदा जमतो. पुढच्या घाण्याला विरजण म्हणून त्यातला थोडा भाग राखून ठेवला की उरलेल्याचा ब्रुअरीला काही उपयोग नसतो. हा उरलेला लगदा उष्णता देऊन मारतात आणि मग वाळवून तरी विकतात किंवा त्याचा अर्क काढून तरी. व्यापारात या मालाला निष्क्रिय यीस्ट म्हणतात. पाव फुगवण्याची किंवा दारू आंबवण्याची ताकद त्यात उरलेली नसते. प्रथिने, ब गटातील जीवनसत्त्वे आणि चव मात्र त्यात भरपूर असते. वाळवलेल्या यीस्टमध्ये प्रथिनांचे प्रमाण ४५ ते ५० टक्क्यांपर्यंत भरते.

ब्रिटनमध्ये या मालाचा संघटित बाजार १९०२ पासून आहे. या बाजारात एक गोष्ट पहिल्या दिवसापासून खरी ठरली : यीस्ट मिळावे म्हणून कोणी बिअर गाळत नाही. यीस्टला मागणी कितीही आली, भाव कितीही चढला, तरी ब्रुअरी त्यासाठी एक पिंप जास्त भरत नाही. अल्फ्रेड मार्शल यांनी १८९० च्या आपल्या अर्थशास्त्राच्या ग्रंथात लोकर आणि मटण यांचा पुरवठा एकत्रच कसा होतो हे मांडले आहे. यीस्टची गत लोकरीपेक्षा बिकट, कारण लोकरीसाठी निदान मेंढ्यांची जात तरी बदलता येते. त्यामुळे मेलेल्या यीस्टचा भाव नेहमी बाहेरून ठरत आला. लोक बिअर किती पितात यावर पुरवठा ठरला आणि त्या त्या काळी ज्या पदार्थाशी यीस्टची स्पर्धा होती, त्याच्या किमतीवर गिऱ्हाइकाची तयारी ठरली. हा प्रतिस्पर्धी दर पिढीत बदलत गेला.

या इतिहासाची सुरुवात स्टॅफर्डशायर परगण्यातील ट्रेंट नदीकाठच्या बर्टन गावी होते. तिथल्या विहिरींच्या पाण्यात जिप्सम भरपूर, आणि ते फिकट रंगाच्या कडवट बिअरला मानवते. विल्यम बास यांनी १७७७ मध्ये इथे ब्रुअरी काढली. एकोणिसाव्या शतकात बर्टनची पेल एल हिंदुस्थानातल्या गोऱ्या पलटणींसाठी आणि साहेबांच्या क्लबांसाठी जहाजांनी येऊ लागली. १८३९ मध्ये गावाला रेल्वे मिळाली आणि देशभरची बाजारपेठ खुली झाली. त्याच्या आदल्याच वर्षी पीटर वॉकर यांनी ओकच्या पिंपांची एक जोडरचना पेटंट करून घेतली होती. आंबणारी बिअर ओळीने मांडलेल्या पिंपांत भरायची. फेसाबरोबर वर येणारे यीस्ट बगळ्याच्या मानेसारख्या वाकड्या नळ्यांतून वरच्या लांब पन्हळीत पडायचे, तिथे बिअर निथळून पुन्हा पिंपात जायची आणि यीस्ट पन्हळीत राहायचे. बिअर नितळ मिळावी यासाठी केलेल्या या सोयीचा एक परिणाम असा झाला, की सगळे यीस्ट एका जागी, ताजे आणि बरेच स्वच्छ गोळा होऊ लागले. पुढे शतकाच्या अखेरीस बास ही जगातल्या सर्वांत मोठ्या ब्रुअरींपैकी एक झाली. तिथल्या पन्हळींत रोज साचणाऱ्या लगद्याचे काय करायचे, हा प्रश्न त्याबरोबर वाढत गेला.

पूर्वी हा लगदा बेकरीवाले नेत. पण ब्रुअरीच्या यीस्टला हॉप्सचा कडवटपणा असतो आणि त्याची ताकदही एकसारखी नसते. व्हिएन्नात एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर खास पावासाठी वाढवलेले, दाबून वड्या केलेले यीस्ट निघाले. नेदरलँड्समधील डेल्फ्ट इथे १८७० च्या आसपास त्याचा मोठा कारखाना उभा राहिला. या गोडसर, भरवशाच्या यीस्टपुढे ब्रुअरीचे गिऱ्हाईक गळाले. स्कॉटलंडचे व्हिस्कीवाले काही माल घेत राहिले, काही डुकरांच्या खाद्यात आणि खतात गेला. बाकीचा लगदा टाकून द्यावा लागे. उन्हाळ्यात तो दिवसा-दोन दिवसांत नासतो आणि त्याला उग्र दुर्गंधी सुटते. अशा मालाची किंमत शून्याच्याही खाली जाते, कारण विल्हेवाटीचा खर्च मालकालाच सोसावा लागतो.

या कचऱ्याला गिऱ्हाईक मिळाले ते मांसाच्या महागाईमुळे. जर्मन रसायनशास्त्रज्ञ युस्टुस फॉन लीबिग यांच्या नावाने १८६५ मध्ये लंडनला एक कंपनी निघाली. ती उरुग्वेतील फ्राय बेंटोस इथे गुरांच्या मांसाचा अर्क काढून युरोपात विके. एक किलो अर्काला सुमारे तीस किलो मांस लागे. हा अर्क आजाऱ्यांना, सैनिकांना आणि घाईच्या स्वयंपाकाला इतका पसंत पडला, की त्याच चवीचा स्वस्त पदार्थ कोणी काढला तर तो खपणार हे उघड होते. यीस्टपासून तशी चव मिळते, ही वाट दाखवण्याचे श्रेयही लीबिग यांनाच दिले जाते. विशेष म्हणजे यीस्ट हा सजीव आहे असे म्हणणाऱ्यांची १८३९ मध्ये जर्मन रसायनपत्रिकेत निनावी टवाळी छापून आली होती, तीत फ्रीडरिश व्होलर यांच्याबरोबर लीबिगही सामील होते. यीस्ट जिवंत असते हे पुढे पाश्चर यांनी निर्विवाद सिद्ध केले. अर्काची सगळी कृती त्याच जिवंतपणावर उभी आहे. यीस्टमध्ये मीठ घालून लगदा ४५ ते ५० अंश सेल्सियसच्या आसपास ठेवला की पेशी मरतात, पण त्यांच्यातली विकरे काम करत राहतात आणि पेशीतल्या प्रथिनांचे तुकडे करतात. त्यातून ग्लुटामेट सुटते आणि मांसाच्या रश्शासारखी चव येते. मग पेशींची टरफले वेगळी काढून उरलेला रस कमी दाबाखाली आटवतात, आणि काळपट, खारट, चिकट लेप तयार होतो.

१९०२ मध्ये बर्टनमध्ये ‘मार्माइट’ नावाने असा अर्क बनवून विकणारी मार्माइट फूड एक्स्ट्रॅक्ट कंपनी स्थापन झाली. यीस्ट बासकडून येई आणि अंतर पडे काही फर्लांगांचे. हे अंतर महत्त्वाचे होते. लगद्यात घन भाग फक्त १० ते १५ टक्के असतो आणि बाकी पाणीच, म्हणून लांबून आणायचा तर भाडे पाण्याचे भरावे लागते. पाच वर्षांतच, म्हणजे १९०७ मध्ये, कंपनीला लंडनच्या कॅम्बरवेल ग्रीन भागात दुसरा कारखाना काढावा लागला. मांसाच्या अर्कापेक्षा स्वस्त असणे हे या मालाचे पहिले भांडवल होते. शाकाहारी गिऱ्हाईक हे दुसरे. ज्या मालाला कालपर्यंत विल्हेवाटीचा खर्च येत होता, त्याला आता ब्रुअरीच्या हिशेबात जमेच्या बाजूला जागा मिळाली.

त्यानंतर जीवनसत्त्वांचा शोध लागला. काझिमिर फुंक यांनी १९१२ मध्ये जीवनसत्त्वांची कल्पना मांडली, आणि बेरीबेरी हा आजार रोखणारा घटक यीस्टमध्ये विपुल असल्याचे स्पष्ट झाले. पहिल्या महायुद्धात त्याची कसोटी लागली. मेसोपोटेमियात १९१५ च्या डिसेंबरपासून १९१६ च्या एप्रिलअखेरपर्यंत कूत इथे वेढल्या गेलेल्या फौजेचा गाभा पुणे डिव्हिजनचा होता, आणि तीत मराठा पलटणीही होत्या. वेढ्यात पांढऱ्या पिठावर जगणाऱ्या गोऱ्या सैनिकांना बेरीबेरी झाला. हिंदी सैनिक कोंड्यासकट आटा खात, त्यामुळे ते बेरीबेरीपासून बरेच वाचले, पण ताज्या भाजीअभावी त्यांना स्कर्व्हीने गाठले. लंडनच्या लिस्टर इन्स्टिट्यूटमध्ये हॅरिएट चिक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी याच काळात कोणत्या अन्नात कोणता रक्षक घटक आहे, याची मोजणी केली. सैन्याच्या शिध्यात मार्माइट आले. हा अर्क आता औषध म्हणूनही घेतला जाऊ लागला, आणि औषधासाठी गिऱ्हाईक जे मोजते ते चवीसाठी मोजत नाही.

औषध म्हणून यीस्टची खरी किंमत मात्र मुंबईत ठरली. या इतिहासातला हा सर्वांत मोलाचा भाग आहे, आणि बाजारभावाच्या वर्णनात तो सहसा गाळला जातो. १९२८ मध्ये लूसी विल्स या इंग्रज डॉक्टर मुंबईला आल्या. गिरण्यांत काम करणाऱ्या गरीब गर्भवती स्त्रियांना एक तीव्र रक्तक्षय होई. त्यात रक्तातल्या तांबड्या पेशी मोठ्या आणि अपक्व राहत, आणि कित्येक बायका बाळंतपणाच्या आसपास दगावत. परळच्या हाफकिन इन्स्टिट्यूटमध्ये विल्स यांनी कामाला सुरुवात केली. त्यांनी आधी जंतूंचा शोध घेतला, पण हाती काही लागले नाही. मग त्या बायकांच्या ताटाकडे वळल्या. कोणत्या थरातल्या स्त्रिया काय खातात याची त्यांनी नोंद केली. ज्यांच्या आहारात भाजी, फळे आणि दूध जवळजवळ नसे, त्यांच्यातच हा आजार जास्त आढळला. तसाच निकृष्ट आहार त्यांनी उंदरांना आणि नंतर माकडांना दिला. त्यांना रक्तक्षय झाला, आणि यीस्टचा अर्क दिल्यावर तो सुधारला.

त्या काळी घातक रक्तक्षयावर अमेरिकेत मायनट आणि मर्फी यांनी १९२६ मध्ये सुचवलेला उपाय होता : रोज पावशेराच्या आसपास कलेजी खायची. गिरणीत राबणाऱ्या बाईला ती परवडणारी नव्हती, आणि अनेकींना धर्माने वर्ज्य होती. मार्माइटची बाटली त्या मानाने स्वस्त होती. विल्स यांनी ते रुग्णांना दिले आणि काही दिवसांत नव्या तांबड्या पेशी रक्तात दिसू लागल्या. हे निष्कर्ष १९३१ मध्ये ‘ब्रिटिश मेडिकल जर्नल’मध्ये प्रसिद्ध झाले. पुढच्या काही वर्षांत त्यांनी आणखी एक गोष्ट दाखवली. शुद्ध केलेला कलेजीचा अर्क या रुग्णांना लागू पडत नाही, पण कच्चा अर्क आणि यीस्ट लागू पडतात. म्हणजे यीस्टमध्ये निराळाच एक घटक होता. त्याला बराच काळ ‘विल्स फॅक्टर’ म्हणत. १९४१ मध्ये पालकाच्या पानांतून फोलिक आम्ल वेगळे काढण्यात आले आणि १९४० च्या दशकाच्या मध्यावर ते प्रयोगशाळेत तयार झाले. अमेरिकेतील लेडर्ली कंपनीत ज्या गटाने हे केले, त्याचे नेतृत्व येल्लाप्रगडा सुब्बाराव यांच्याकडे होते. मुंबईच्या गिरण्यांतल्या त्या स्त्रियांची नावे कोणत्याही ग्रंथात नाहीत. आज भारतात गर्भवतींना लोह आणि फोलिक आम्लाची गोळी मिळते, तिच्यामागे त्यांची दुखणी आहेत.

औषधी यीस्टच्या बाजाराला मात्र असे घटक प्रयोगशाळेत बनवण्याच्या यशानेच धक्का दिला. रॉबर्ट विल्यम्स यांनी १९३६ मध्ये थायमिन, म्हणजे बेरीबेरी रोखणारे ब१ जीवनसत्त्व, कृत्रिमरीत्या बनवले. ब्रिटिश सरकारने १९४० मध्ये पांढऱ्या पिठात ते मिसळण्याची योजना जाहीर केली. जे जीवनसत्त्व गोळीत चिमूटभर आणि नेमक्या मात्रेत मिळते, त्यासाठी कोणी यीस्ट कशाला घेईल? भर म्हणून १९४० च्या दशकात हेही लक्षात आले, की जिवंत यीस्ट खाल्ले तर ते आतड्यात स्वतःसाठीच थायमिन ओढून घेते. तेव्हापासून खाण्यासाठी यीस्ट मारलेलेच हवे हा नियम पक्का झाला. औषध म्हणून मिळणारी जादा किंमत पुढे टिकली नाही. अर्काला पुन्हा चवीच्या जोरावर उभे राहावे लागले. उरलेल्या वाळवलेल्या यीस्टचा हिशेब मात्र प्रथिनांवर आला, म्हणजे गुरा-डुकरांच्या दावणीत.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात प्रथिनांची टंचाई होती, आणि ब्रिटनने यीस्टला बिअरपासून सोडवण्याचा पहिला मोठा प्रयत्न केला. टॉरुला जातीचे यीस्ट उसाच्या मळीवर झपाट्याने वाढते. ए. सी. थायसेन यांच्या संशोधनाच्या आधारे जमैकात फ्रोम इथल्या साखर कारखान्याजवळ त्याचा कारखाना काढण्यात आला. तंत्र जमले, पण शांततेच्या काळात त्याला व्यापारी यश मिळाले नाही. फिकी चव आणि दूरचे भाडे या दोन्ही गोष्टी आड आल्या. माणसाने हे यीस्ट रोज मोठ्या प्रमाणात खाण्यालाही मर्यादा होती. यीस्टमध्ये न्यूक्लिक आम्ले बरीच असतात आणि त्यांचे शरीरात यूरिक आम्ल होते.

पशुखाद्यात शिरल्यावर भावाचे गणित फार कठोर झाले. तिथे चवीला आणि नावाला किंमत नाही. प्रथिनांच्या टक्क्याला सोयापेंड आणि मासळीच्या पुडीशी बरोबरी करावी लागते. एक किलो कोरडे यीस्ट मिळवायला सात ते दहा किलो लगदा आटवावा लागतो, म्हणून इंधन महागले की नफा संपतो. वाफेवर तापलेल्या फिरत्या पिंपांवर लगद्याचा पातळ थर पसरायचा आणि वाळलेले पापुद्रे पात्याने खरवडायचे, ही जुनी पद्धत टिकली, कारण ती साधी होती. अनेक ब्रुअरींनी तर वाळवणेच सोडून दिले. लगद्यात आम्ल घालून किंवा तो तापवून यीस्ट मारायचे आणि टँकरने जवळच्या डुक्करपालकाला पोचवायचे, हे त्यांना जास्त परवडले. याचा अर्थ असा की निष्क्रिय यीस्टचा एकच राष्ट्रीय भाव असा खऱ्या अर्थाने कधी नव्हता. अर्क आणि कडवटपणा धुऊन काढलेले खाण्याचे यीस्ट देशभर एका भावाने विकले जाई. लगद्याचा भाव ब्रुअरीपासून किती मैलांवर गिऱ्हाईक आहे, यावर ठरे.

सोयापेंडीच्या सावलीत असलेल्या या बाजारात १९७० च्या दशकात एक विलक्षण प्रतिस्पर्धी उतरला. फ्रान्समधील लाव्हेरा इथल्या तेलशुद्धीकरण कारखान्यात आल्फ्रेड शाँपान्या यांनी खनिज तेलातल्या पॅराफिनवर यीस्ट वाढवून दाखवले होते. ब्रिटिश पेट्रोलियमने स्कॉटलंडमधील ग्रँजमाउथ इथे वर्षाला ४,००० टन क्षमतेचा कारखाना चालू केला आणि ‘टोप्रिना’ नावाने हे मेलेले यीस्ट पशुखाद्यासाठी बाजारात आणले. इटलीत सार्डिनिया बेटावर सारोक इथे वर्षाला १,००,००० टनांचा कारखाना बांधायला घेतला. परिस्थितीही सुरुवातीला अनुकूल होती. १९७२ मध्ये पेरूच्या किनाऱ्यावरील अँकोव्ही मासळी कोसळली, मासळीची पूड दुर्मिळ झाली, आणि १९७३ च्या जूनमध्ये अमेरिकेने सोयाबीनच्या निर्यातीवर काही काळ बंदी घातली. प्रथिनांचे भाव भडकले. बिअरशी काहीही नाते नसलेले, हवे तेवढे बनवता येणारे यीस्ट हाताशी होते. पण त्याच वर्षीच्या ऑक्टोबरनंतर खनिज तेल काही महिन्यांत जवळजवळ चौपट झाले आणि कच्च्या मालाचा सगळा हिशेब उलटला. इटलीत आरोग्याच्या शंकांवरून विक्रीची परवानगी अडकली. सारोकचा कारखाना नियमित विक्रीपर्यंत पोचलाच नाही आणि दशक संपता संपता ब्रिटिश पेट्रोलियमने हा उद्योग आवरता घेतला. बिअरची दोरी तोडणाऱ्या या यीस्टच्या गळ्यात तेलाची दोरी पडली होती.

दरम्यान खुद्द बिअरच बदलली. १९६० मध्ये ब्रिटनमध्ये लागर बिअरचा वाटा जेमतेम एक टक्का होता, तीस वर्षांत तो निम्म्याच्या घरात गेला. लागरचे यीस्ट वर न येता तळाशी बसते, आणि त्याची चवही वेगळी असते. छोट्या ब्रुअरी बंद पडल्या आणि उत्पादन थोड्या मोठ्या कारखान्यांत गोळा झाले. त्यामुळे यीस्ट खरेदी करणाऱ्याची भाडी वाचली, पण सौदा करायला समोर मूठभरच विक्रेते उरले. देशाचे एकूण बिअर उत्पादन १९७९ च्या सुमारास शिखराला पोचून नंतर घसरत गेले. अर्काच्या बाजूलाही मालकी बदलत राहिली. मार्माइट बोव्हरिल या कंपनीच्या छत्राखाली होते. ते १९९० मध्ये सीपीसी या कंपनीकडे आणि २००० मध्ये युनिलिव्हरकडे गेले. त्याच २००० साली बासच्या ब्रुअरीही विकल्या गेल्या.

यानंतरच्या दोन प्रसंगांतून या बाजाराची रचना स्पष्ट दिसते. युरोपीय संघातून बाहेर पडण्याच्या २०१६ च्या कौलानंतर पौंड घसरला. ऑक्टोबरमध्ये युनिलिव्हरने सुमारे दहा टक्के भाववाढ मागितली आणि टेस्को या दुकानसाखळीने ती नाकारली. टेस्कोच्या ऑनलाइन दुकानातून मार्माइट गायब झाले आणि वर्तमानपत्रांनी हा राष्ट्रीय प्रश्न केला. तडजोड लगेच झाली. बर्टनमध्ये, बहुतांशी देशी कच्च्या मालावर बनणारा पदार्थ चलन पडल्यामुळे महाग का व्हावा, हा तेव्हाचा सवाल रास्त होता. बाटलीची किंमत यीस्टच्या भावावर फार थोडी अवलंबून असते, हे त्याचे उत्तर आहे. बरणी, वाहतूक, जाहिरात आणि कंपनीचे एकूण धोरण यांनीच ती ठरते.

२०२० चा प्रसंग याच्या नेमका उलट होता. करोनामुळे २० मार्चला पब बंद झाले, पिंपातली बिअर खपेनाशी झाली आणि ब्रुअरींनी उत्पादन कमी केले. घरी बसलेल्या लोकांना नाश्त्याला मार्माइट हवे होते. जूनमध्ये कंपनीला जाहीर करावे लागले, की यीस्टचा पुरवठा आटल्यामुळे २५० ग्रॅमच्या बरणीखेरीज बाकी सर्व आकार तूर्त बंद आहेत. मागणी चांगली होती, कारखाना शाबूत होता, पैसाही होता. पण यीस्टसाठी बिअर कोणी गाळत नव्हते.

आज जगभर चवीच्या अर्कासाठी मळीवर मुद्दाम वाढवलेले यीस्ट मोठ्या प्रमाणावर वापरले जाते. त्याचा पुरवठा पबवर अवलंबून नाही. पण मळीला इथेनॉलवाल्यांचीही मागणी असते, म्हणून त्याचा भाव ऊस, बीट आणि इंधन यांच्या धोरणांबरोबर हलतो. बर्टनमधील शेवटची मोठी पिंपांची जोडरचना मार्स्टन्सच्या ब्रुअरीत होती. तीही २०२४ मध्ये मोडीत निघाली आणि तिचा एक संच थॉर्नब्रिज ब्रुअरीने उचलला. मार्माइटचा कारखाना मात्र बर्टनमध्येच आहे, आणि अजूनही ब्रुअरींच्या उरलेल्या यीस्टवरच चालतो.